दोनच कॉप्या चालतात

आमच्या कॉम्प्युटरवर खेळाच्या दोनच कॉप्या चालतात. तिसरी उघडली की पंखा घरघरायला लागतो, पडद्यावरचं चित्र जागच्या जागी थिजतं आणि शेवटी बटण दाबून सगळंच बंद करावं लागतं. हे आधीच सांगून ठेवते, कारण माझ्या वहिनीचा मी जो दुस्वास केला त्याचं मूळ ह्या एवढ्याशा गोष्टीत आहे. तिसरी चालली असती तर मी कदाचित चांगली नणंद झाले असते. खात्री देत नाही.

खेळ ठोकळ्यांचा. ठोकळ्यावर ठोकळा ठेवून घर बांधायचं, विहीर खणायची, शेत करायचं, आणि कुणी अडवायला येत नाही. पण तो खेळ थेट उघडत नाही. आधी एक छोटा प्रोग्रॅम उघडावा लागतो, त्याला लाँचर म्हणतात. खेळणारा कोण, जग कुठलं, त्या जगात जादाचं काय काय भरायचं, हे सगळं तिथं ठरतं. ह्या जादाच्या भरीला मॉड म्हणतात. आमचा लाँचर दादाच्या मित्रानं दिलेला होता, कुणीतरी फेरफार करून सुधारलेला. लॉकडाऊन लागला होता. दादाचं बावधनचं गॅरेज बंद, माझं कॉलेज बंद, आणि रिहे गावातल्या आमच्या घरात जुना कॉम्प्युटर एक आणि खेळणारे दोघं. पहिले चार दिवस आम्ही नुसते भांडलो. दादा माझ्यापेक्षा पाच वर्षांनी मोठा, पण माउस हातात आला की त्याचं वय माझ्यापेक्षा कमी व्हायचं.

दोघांना एकाच वेळी खेळता यावं म्हणून त्यानं लाँचर दुसऱ्यांदा उघडून पाहिला. लाँचर म्हणाला, मी आधीच उघडा आहे. दादानं हात टेकले. मग मी म्हणाले, अरे, अख्खं फोल्डरच कॉपी कर की. एकाला नाव दे 'दादा', दुसऱ्याला नाव दे 'मी', आणि दोन्ही वेगळ्या जागी ठेव. दोन्ही उघडले. आपल्यासारखाच दुसरा शेजारी चालू आहे, हे त्या लाँचरला कळलंच नाही.

मग नवी कटकट सुरू झाली. दादानं त्याच्या बाजूला क्लिक केलं की माझा खेळ थांबायचा. ते कुठल्या सेटिंगमुळं होतं हे शोधायला दोन दिवस गेले, आणि शोधलं मीच. कीबोर्ड-माउस त्याच्याकडे, जॉयस्टिक माझ्याकडे. पडद्याचा उजवा अर्धा भाग त्याचा, डावा माझा. जग त्याच्या कॉपीत असायचं आणि माझी कॉपी त्यात शिरायची. एकच अट होती, दोघांकडचे मॉड सारखे पाहिजेत. एक जरी कमीजास्त झाला तरी जग आत घ्यायचं नाही, लाल अक्षरात हाकलून द्यायचं.

त्या जगात आम्ही काय बांधलं? आमचंच घर, दुसरं काय. मोठ्या शहाण्यांसारखे किल्ले नि राजवाडे नाहीत. घर, घराखाली उतरत गेलेली भाताची खाचरं, तळाला ओढा. खेळात भात नव्हता, गहू होता. म्हणून आम्ही गव्हाभोवती पाणी भरायचो आणि त्यालाच भात म्हणायचो. बाप्पा, चार वर्षं म्हणालो. खरी लावणी करून चिखलाचे पाय धुऊन आलो की लगेच तिकडची लावणी. आई म्हणायची, "हितं राबून पोट भरंना व्हय तुमचं?"

लॉकडाऊन सुटला, दादाचं गॅरेज उघडलं, मला पिरंगुटला ऑनलाइन फॉर्म भरायच्या दुकानात काम लागलं, तरी संध्याकाळचा तास मोडला नाही. सकाळी तो मला गाडीवर पिरंगुटपर्यंत सोडायचा आणि पुढं बावधनला जायचा. वाटेत आमचं बोलणं एकच, आज ओढ्यावर पूल टाकायचा का, गुरांचा गोठा कुठं घ्यायचा. दादाला दुसरे मित्र नव्हते असं नाही. पण त्या जगात त्याला मीच होते. मला वाटायचं, हे असंच राहणार. बिनडोकपणा म्हणा हवं तर.

मग दादाचं लग्न ठरलं. मुलगी जुन्नरकडची, कॉम्प्युटर शिकलेली, बावधनला एका कंपनीत सॉफ्टवेअर तपासायच्या कामाला. मी स्थळ बघायला गेले होते तेव्हा मला ती आवडली होती. हेही लिहिते, नाहीतर म्हणाल पहिल्यापासून डूख धरून होती.

आमच्याकडे नवरानवरी घरात शिरताना बहीण दार अडवते. "तुझी लेक माझ्या लेकाला देशील का," असं विचारायचं, भावजयीनं हो म्हणायचं, मग वाट सोडायची. मला कुठला लेक? माझं लग्नच नव्हतं झालं. आत्यानं पाठीत ढोसलं म्हणून मी ते ठरलेलं विचारलं, तिनं ठरलेलं उत्तर दिलं. पण मी हात खाली घेतला नाही. म्हणाले, "आजून एक हाय. काम्प्युटरम्होरली डाव्या हाताची खुर्ची माझी हाय." सगळे हसले. दादा पण हसला. वहिनी मात्र हसली नाही. तिनं माझ्याकडे नीट पाहिलं आणि म्हणाली, "बरं."

आणि बाईनं ते खरंच पाळलं. दोन महिने ती त्या खुर्चीवर बसली नाही. आम्ही खेळायला बसलो की हात पुसत यायची आणि आमच्या मागं उभी राहायची. "हे काय आहे? हा ओढा का?" असं विचारायची. दादा मान वळवून वळवून सांगायचा आणि तेवढ्यात खेळातलं त्याचं माणूस ओढ्यात पडायचं. मी म्हणायचे, "म्होरं बघ." तिला एकदाही मी बसा म्हणाले नाही. वयानं ती माझ्यापेक्षा तीन वर्षांनी मोठी, पण आईनं सांगितलं होतं म्हणून मला ताई म्हणायची. त्या ताई म्हणण्यानंसुद्धा माझ्या नाकाला मिरच्या झोंबायच्या.

सकाळची गाडीवरची मागची सीट तर लग्नाच्या आठव्या दिवशीच गेली होती. दोघांचं काम बावधनलाच, मग तीच जाणार की. मी वडापच्या जीपमधून जायला लागले. ड्रायव्हरच्या शेजारी तिघी, मागं दहाजण. जीप घाटातून वळली की कधी कधी पुढं दादाची गाडी दिसायची. ती त्याच्या कानाशी वाकून काहीतरी सांगत असायची आणि तो मान हलवायचा. मला खात्री होती की ओढ्यावरच्या पुलाबद्दलच बोलत असणार. दुसरं काही बोलत असतील हे माझ्या डोक्यातच आलं नाही.

एकदा दुकानातली लाईट गेली आणि मी दुपारीच घरी आले. त्या दिवशी दोघांना सुट्टी होती. आत पाहते तर दादा उजवीकडे आणि वहिनी डावीकडे, माझ्या खुर्चीवर, माझी जॉयस्टिक हातात घेऊन. ते एकवेळ चाललं असतं. पण तिनं माझीच कॉपी उघडली होती. माझं माणूस, माझा निळा सदरा, डोक्यावर तरंगणारं माझं नाव, आणि आत वहिनी. माझ्या नावानं ती माझ्या खाचरांतून हिंडत होती आणि दादा तिला सांगत होता, "हितं ये, हितनं उडी मार."

मला बघून ती ताडकन उठली. "बसा ताई."

"बसा की तुमी. मला काय करायचंय," मी म्हणाले आणि आत जाऊन भांडी आपटायला लागले. घासलेलीच भांडी होती ती.

दादा मागं आला नाही. मला वाटलं होतं येईल. त्यानं काय केलं, तर तिच्यासाठी आणखी एक फोल्डर कॉपी केलं आणि त्याला नाव दिलं 'नवीन'. मला म्हणाला, "आता कसलीच कटकट न्हाई. तुझी तुला, तिची तिला." आणि तिसरी उघडायला गेला तर कॉम्प्युटर बसला. दोनदा प्रयत्न केला, दोनदा बसला. मग पाळ्या लावल्या. एक दिवस ती, एक दिवस मी. दादाला पाळी नव्हती. तो रोजच असायचा.

माझी पाळी असली की तो जांभया द्यायचा. तिची असली की मी भाजी निवडायच्या निमित्तानं बाहेरच्या खोलीत बसायचे आणि त्यांचं हसणं मोजायचे. हो, मोजायचे. आता लिहिताना लाज वाटते, पण मोजायचे.

आणि मग तिनं भात आणला.

झालं असं की तिनं तिच्या पाळीच्या एका संध्याकाळी दादाला विचारलं, "हा गहू का लावलाय?" तो म्हणाला, खेळात भात नाही. ती म्हणाली, असेल की. आणि पंधरा मिनिटांत एक मॉड शोधून काढला, त्यात भात होता. चिखलात लावायचा, पाण्यात उभा राहणारा, पिकला की वाकणारा खराखुरा भात. दादा लहान पोरासारखा ओरडला, "आयला, आपण चार वर्सं गहू लावत बसलो." आपण. त्या आपणमध्ये मी होते हे खरं, पण वेड्यांच्या यादीत होते. आईसुद्धा पदराला हात पुसत बघायला आली आणि म्हणाली, "व्हय की, लोंब्या हायेत." माझ्या अंगाचा तिळपापड झाला. एवढं साधं मला का सुचलं नव्हतं?

दुसऱ्या दिवशी माझी पाळी. मी माझी कॉपी उघडली, जगात शिरायला गेले, तर लाल अक्षरं. भाताचा मॉड दादाच्या कॉपीत होता, तिच्या कॉपीत होता, माझ्या नव्हता. माझ्याच घराच्या दारातून मला हाकललं. दादा म्हणाला, "थांब, तुझ्यात बी टाकतो. उद्या टाकतो." तो उद्या आठ दिवस आला नाही.

खरं सांगायचं तर ते पाच मिनिटांचं काम होतं आणि मला येत होतं. दुकानात दिवसभर मी लोकांचे फॉर्म भरते, फायली इकडच्या तिकडे करते, मला एक फाईल टाकता येत नव्हती असं थोडंच आहे. पण मला ती त्यानं टाकायला हवी होती. मी हट्टाला पेटले आणि त्याला आठवणसुद्धा केली नाही. माझ्या पाळीच्या दिवशीही मग तीच बसायला लागली. आधी विचारायची, "ताई, तुम्ही बसताय?" मी म्हणायचे, "डोकं दुखतंय." पोट दुखत होतं, डोकं नव्हे.

त्या आठ-दहा दिवसांत त्या दोघांनी ओढ्यापलीकडं तिचं माहेर बांधलं. जुन्नरचं घर, पुढं अंगण, बाजूला कांदा साठवायची लांबलचक चाळ, हवा खेळावी म्हणून फटी ठेवलेली. मी येताजाता मागून बघायचे. दादा तिला विचारत होता, "दार कुठल्या अंगाला घ्यायचं? चाळ अशी आडवी का उभी?" मला त्यानं कधी विचारलं नव्हतं. आमच्या घराचं दार कुठं ते त्यालाही माहीत होतं आणि मलाही, विचारणार काय? हे मला आता समजतं. तेव्हा एवढंच वाटलं की मी चार वर्षं बसले ते फुकट, आणि हिला आल्या आल्या माहेर बांधून मिळालं.

एका रविवारी सकाळी ते दोघं जुन्नरला गेले, खऱ्या माहेरी. आई शेतात गेली होती. मी कॉम्प्युटर चालू केला.

दुकानात कामाची कॉपी घ्यायची सवय असल्यामुळं मी दादाच्या फोल्डरचीही अधूनमधून पेनड्राइव्हवर कॉपी घ्यायचे. शेवटची घेतलेली होती लग्नाच्या आधीच्या आठवड्यातली. त्यात भात नव्हता, कांद्याची चाळ नव्हती, ओढ्यापलीकडं नुसतं गवत होतं. मी दादाचं आत्ताचं फोल्डर पुसलं. कचऱ्याच्या डब्यातूनही पुसलं. कॉम्प्युटरनं विचारलं, कायमचं पुसायचं का? मी हो म्हणाले. मग पेनड्राइव्हवरचं जुनं त्या जागी ठेवलं आणि त्याला नाव दिलं 'दादा'. चहा केला, प्याले, आणि मला फार बरं वाटलं. पश्चात्ताप वगैरे काही झाला नाही. चहासुद्धा चांगला झाला होता.

ते दोघं दुसऱ्या दिवशी परत आले. संध्याकाळी दादानं त्याची कॉपी उघडली, वहिनीनं तिची. तिच्या बाजूला लाल अक्षरं आली. आता तिच्यात भात होता आणि त्याच्यात नव्हता. मी तांदूळ पाखडत होते, मी मान वर केली नाही. दादा म्हणाला, "हे काय झालं? चाळ कुटं गेली? भात बी न्हाई." फोल्डर कधी उघडून पाहायचं नाही ही त्याची सवय मला ठाऊक होती. त्याला वाटलं, काहीतरी बिघडलं.

वहिनीनं माउस घेतला, दोन ठिकाणी क्लिक केलं, आणि थांबली. मग म्हणाली, "माझ्याच हातून झालं असणार. जायच्या आधी मी फोल्डर इकडचं तिकडे केलं होतं."

मी सुपातला तांदूळ सांडला.

मला वाटलं आता तो तिला बोलणार. माझ्या हातून एकदा गोठा जळाला होता खेळात, तर तो दोन दिवस माझ्याशी बोलला नव्हता. तो तिला म्हणाला, "जाऊ दे. पुन्ना बांधू." इतक्या मऊ आवाजात तो बोलू शकतो हे मला चोवीस वर्षांत कळलं नव्हतं.

आणि मला म्हणाला, "ये, तुझं चालंल आता. बस." मी बसले. माझी कॉपी झटक्यात आत गेली. सगळं पहिल्यासारखं होतं, गहू, पाणी, ओढा, डावीकडं मी, उजवीकडं तो. मी म्हणाले, गोठ्याला दुसरं दार करू या. तो हं म्हणाला. मी गोठ्यापाशी गेले आणि मागं वळून पाहिलं तर त्याचं माणूस आलंच नव्हतं. ओढा ओलांडून पलीकडच्या गवतात जाऊन उभं होतं, जिथं चाळ होती तिथं.

पुढचे दोन-तीन आठवडे दादाला चिडवायला विषयच मिळाला. कुणी पाहुणा आला की सांगायचा, "आमची ही कंपनीत लोकांच्या चुका शोधती आन् घरी येऊन सगळं पुसून बसती." वहिनी हसायची. पाहुणे हसायचे. मीही हसायचे, पहिल्यांदा तर मनापासून. पण रोज तेच ऐकलं की भातात खडा लागल्यासारखं व्हायला लागलं.

एका सकाळी आम्ही दोघी धुणं वाळत घालत होतो. दादा गाडी पुसत लांब उभा होता. ती चादर झटकत म्हणाली, "ताई, मॉडची फाईल आपोआप जात नसते."

मी बादलीतला टॉवेल पिळायला घेतला.

"आणि फोल्डरवर आमच्या लग्नाच्या आधीची तारीख आहे. माझं कामच आहे ते, लगेच दिसतं." ती अजिबात चिडलेली नव्हती. चादरीचं एक टोक माझ्या हातात देत म्हणाली, "गेलं काहीच नाही. मी रोज मोबाईलमध्ये कॉपी घेते. चाळ आहे, भात आहे, सगळं आहे."

"मग परत का टाकलं न्हाई?" मी विचारलं.

"टाकलं असतं तर ह्यांनी विचारलं असतं, गेलं कसं होतं. मग तुमचं नाव निघालं असतं." तिनं चादर ताणली. "तुमचं नाव निघालेलं मला नको होतं. चाळीवर कौलं बसवताना हे काय म्हणाले माहितीय? ती असती तर कौलं नीट बसवली असती. पुलाचं काही निघालं की ती असं करायची, ती तसं करायची. मी चांगलं केलं तरी तुमच्यासारखं झालं म्हणतात. मला वाटलं, तुम्ही पुसलंत हे त्यांना कळलं तर ते तुमच्यावर रागावतील, मग त्यांना वाईट वाटेल, मग महिनाभर पुन्हा तुमच्याबद्दलच बोलतील. त्यापेक्षा मी पुसलं म्हटलेलं बरं. निदान माझ्याबद्दल तरी बोलतात."

एवढं बोलून ती रडली बिडली नाही. चिमटे लावायला लागली. माझ्या मनात पहिल्यांदा काय आलं ते सांगते. मला आनंद झाला. कौलं नीट बसवली असती, असं दादा म्हणाला होता, मी खोलीत नसताना म्हणाला होता. ती माझ्यावर जळत होती. ती, भात शोधून काढणारी. मी तो आनंद चादरीच्या मागं उभं राहून पुरता उपभोगला. मग चादरीच्या त्या बाजूला तिचे हात दिसले, एकेक चिमटा लावणारे, आणि मला माझीच शिसारी आली.

त्याच आठवड्यात रविवारी दुपारी आम्ही जेवायला बसलो होतो. आई वाढत होती. वहिनी म्हणाली की तिला कॉम्प्युटरवर ऑफिसचं काहीतरी पाहायचंय, तर दादा म्हणाला, "आई, हिला काय बी करू दे, फकस्त काम्प्युटरला हात लावू देऊ नगंस. घर पुसून टाकंल."

"दादा, तिनं न्हाई पुसलं," मी म्हणाले. "मी पुसलं."

त्याचा घास हातातच राहिला. "का?"

"तू तिच्यासाठी बांधत व्हतास म्हनून."

"काय बांधत व्हता?" आईनं विचारलं. तिला वाटलं, दादा गुपचूप कुठं जागाबिगा घेतोय. तिच्याकडे कुणी लक्ष दिलं नाही.

दादानं वहिनीकडं पाहिलं. "तुला म्हाईत व्हतं?"

तिनं होकाराची मान हलवली.

"आन् तू माझ्याफुडं इतकं दिस खोटं बोललीस. आन् ही बसून हसत व्हती." तो एकदा तिच्याकडं, एकदा माझ्याकडं बघत होता. मला वाटलं होतं ओरडेल. ओरडला असता तर सोपं झालं असतं, मीही ओरडले असते. तो हळू म्हणाला, "माझ्यावरनं भांडायला मी काय बांध हाय का? एकीनं हिकडनं टोकरायचा, एकीनं तिकडनं."

आमच्याकडे बांध टोकरणं म्हणजे शेजाऱ्याच्या आणि आपल्या वावरांमधली मातीची उंचशी कड दरसाल कुदळीनं थोडी थोडी कापायची, आपलं रान वाढवायचं. अशानं किती घरांची तोंडं बंद झालीत ते रिह्यात सगळ्यांना माहीत आहे. दादा ताटात हात धुऊन उठला. ताटात भात तसाच होता.

वहिनीनं मोबाईलमधून सगळं परत आणलं. भाताचा मॉड माझ्या कॉपीत मी स्वतःच टाकला, पाच मिनिटंही लागली नाहीत. दादाला हाक मारली. तो ओसरीवर गाडीचा कुठलातरी भाग उघडून बसला होता. म्हणाला, "तुमी खेळा." आम्हाला वाटलं, दोन दिवसांनी येईल राग गेल्यावर. राग तर गेलाच. दुसऱ्या दिवशी तो आमच्या दोघींशी नेहमीसारखा बोलायला लागला, आता तर दर बुधवारी वहिनीला घरून काम असतं तेव्हा मला वडापनं जाऊ देत नाही, स्वतः सोडतो. पण खेळाचा शब्द काढत नाही. आम्ही काढला तर गाडीचा वेग वाढवतो.

आता रविवारी दुपारी वहिनी आणि मी बसतो. जग तिच्या कॉपीत आहे, माझी कॉपी त्यात शिरते. चाळीची कौलं मी नव्यानं बसवली. आमचं बरं चाललंय, म्हणजे जसं चालायला पाहिजे तसं. तिच्या हाताला माझ्यापेक्षा वेग आहे ते मला अजून सहन होत नाही, आणि दादानं माझ्या कुठल्या गोष्टीची आठवण काढली की तिचा चेहरा उतरतो ते मला अजून आवडतं. 'दादा' नावाचं फोल्डर तसंच आहे. आम्ही ते उघडत नाही, पुसतही नाही.

परवा आम्ही खेळत होतो आणि तो खोलीत आला. टेबलापाशी येऊन थांबला, जरा वाकला. वहिनी खुर्चीवरून उठली. मीही उठले. दोघी एकदम, दोन्ही खुर्च्या रिकाम्या. तो चार्जर घ्यायला आला होता. घेऊन गेला.